तुटवड्यावर मात केल्याचा गौरव करताना तुटवड्याचा जाब कोणी विचारायचा?

तापीकाठ (भुसावळ)
कारगिल विजय दिनानिमित्त आमच्याकडे झालेल्या व्याख्यानात, हाती असेल त्यावर लढणे हीच भारतीय सैनिकाची खरी ताकद, असे वक्त्यांनी सांगितले आणि टाळ्या पडल्या. मला हे पटत नाही. ऑक्टोबर 1962 मध्ये, चीन युद्धाच्या वेळी, ईशान्य सीमेवरच्या नामका चू नदीकाठी सातव्या ब्रिगेडचे जवान सुती गणवेश आणि कॅनव्हासचे बूट घालून थंडीत उभे होते. दर गोळीनंतर बोल्ट ओढावा लागणारी थ्री-नॉट-थ्री रायफल, पाऊचमध्ये मावतील तेवढ्याच गोळ्या, आणि खंदकावर घालायची लाकडे तोडायलाही पुरेशी अवजारे नाहीत. त्यांच्या शौर्याचे गुणगान करताना त्यांना असे कोणी पाठवले, हे विचारायला नको का?

माजी सुभेदार (पारोळा)
आपली तळमळ समजते, तरी असहमत आहे. वाट बंद होते, हवामान फिरते, सामान मागे राहते. अशा वेळी तोडगा काढणे हा सैनिकी शिक्षणाचाच भाग आहे. 1948 मध्ये टरेट (तोफेचा फिरता बुरूज) उतरवून, ताडपत्रीखाली झाकून रणगाडे काश्मीरमध्ये नेले आणि 1 नोव्हेंबरला झोजी ला खिंड जिंकली. 1971 मध्ये क्षेपणास्त्र नौकांचा पल्ला अपुरा होता, म्हणून त्या ओढत नेऊन कराचीवर हल्ला केला. याला लाचारी म्हणणार का?

तापीकाठ (भुसावळ)
मुळीच नाही, सुभेदारसाहेब. पण झोजी लाला रणगाडे होते आणि मद्रास सॅपर्सनी (लष्कराच्या अभियंता जवानांनी) खेचरांची वाट त्यांच्यासाठी रुंद केली होती. कराचीवर डागायला क्षेपणास्त्रे होती. कल्पकता चालवायलाही हाती काहीतरी लागते. नामका चूला तेच नव्हते.

वरणगावकर
आमचा दारूगोळा कारखाना 1964 चा, म्हणजे बासष्टनंतरचा. पराभवानंतर जाग आली, हे मान्य. पण 2020 मध्ये संसदेत मांडलेल्या कॅगच्या (सरकारी खर्च तपासणाऱ्या महालेखापरीक्षकांच्या) अहवालात, नवे बूट खरेदी न झाल्याने उंचावरील जवानांना जुनेच बूट पुन्हा वापरावे लागल्याची नोंद आहे. कारखाने उभे राहूनही खरेदीची फाईल अडते.

माजी सुभेदार (पारोळा)
तो अहवाल 2015-16 ते 2017-18 या काळाचा आहे. पुढे परिस्थिती सुधारल्याचे लष्कराने सांगितले आहे, तेही लिहावे.

तापीकाठ (भुसावळ)
जरूर लिहावे. मात्र त्या काळात जे वर तैनात होते, त्यांनी ते जुने बूट घालूनच पहारा दिला. ती खरेदी कोणामुळे रखडली, हे पुढच्या व्याख्यानात विचारायचे मी ठरवले आहे.