मदत हवी आहे : थेल्मा रिटरचे कोणते सिनेमे बघू?

नमस्कार मंडळी,

हिचकॉकच्या 'रिअर विंडो'त (1954) पाय प्लास्टरमध्ये असलेल्या नायकाला मालिश करता करता फैलावर घेणारी नर्स स्टेला आठवते का? ती थेल्मा रिटर. सध्या मी तिच्या कामाच्या अक्षरशः प्रेमात आहे.

ब्रुकलिनची ही बाई सिनेमात आली तेव्हा चाळिशी उलटली होती. 1947 च्या 'मिरॅकल ऑन थर्टी-फोर्थ स्ट्रीट'मध्ये खेळणं शोधून दमलेली आई, एवढंच काम, श्रेयनामावलीत नावही नाही. पुढे सहाय्यक अभिनेत्रीसाठी तब्बल 6 ऑस्कर नामांकनं, पण पुरस्कार एकही नाही. मला हा सरळ अन्याय वाटतो.

'पिकअप ऑन साउथ स्ट्रीट' (1953) मधली तिची मो तर विसरताच येत नाही. टाय विकणारी, पोलिसांना खबरी देणारी म्हातारी. बेवारस म्हणून पुरलं जाऊ नये, म्हणून कबरीच्या जागेसाठी पैसे साठवते. मारेकरी खोलीत आल्यावर ती घाबरत नाही, फक्त थकलेली दिसते. आवाज न चढवता केवढं काम केलंय!

'ऑल अबाउट ईव्ह' आणि 'पिलो टॉक' बघून झालेत. आता 'द मेटिंग सीझन' (1951) इंग्रजी सबटायटल्ससह भारतात अधिकृतपणे कुठे बघता येईल? आणि 1957 च्या ज्या 'न्यू गर्ल इन टाउन' नाटकासाठी तिला टोनी (अमेरिकी रंगभूमीचा पुरस्कार) मिळाला, त्यातल्या तिच्या कामाबद्दल कोणी काही वाचलंय का? तिच्या टीव्हीवरच्या कामांपैकी काय चुकवू नये, तेही सांगा.