व्हित्तोरियो दे सिका : आधी नट की आधी दिग्दर्शक?

प्रश्न (फोंडा): पणजीत इफ्फी (आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव) भरला की दे सिकाचे नाव दिग्दर्शक म्हणून हमखास निघते, पण १९३२ सालीच तो इटलीत विनोदी प्रेमपटांचा लाडका नट झाला होता. मग अभिनय त्याने मागे का टाकला?

प्रतिसाद (म्हापसा): मागे टाकलाच नाही. त्याने दिग्दर्शित केलेला ‘बायसिकल थीव्ज’ (१९४८) जगाने डोक्यावर घेतला, तरी त्याचाच ‘उंबेर्तो डी’ (१९५२) इटलीत आपटला. त्यात जुगाराचा नाद, म्हणून तो पैशासाठी मिळेल त्या भूमिका करीत राहिला.

प्रतिसाद (मडगाव): सगळ्याच भूमिका पोटासाठी होत्या, असे म्हणणे अन्यायाचे ठरेल. दिग्दर्शक रोसेलिनीच्या ‘जनरल देल्ला रोव्हेरे’मध्ये (१९५९) दे सिकाने साकारलेला भामटा सोंग घेता घेता खराच जनरल होतो, तो पाहावा. उलट, ‘उंबेर्तो डी’मध्ये म्हातारा भीक मागण्यासाठी हात पुढे करतो आणि वाटसरू पैसे देऊ लागताच, जणू पाऊस पडतो का ते पाहत होतो अशा थाटात, तळहात उलटा करतो. ते काम अभिनयाचा गंध नसलेल्या एका प्राध्यापकाने केले आहे. ही नजाकत त्याच्याकडून काढून घ्यायला दिग्दर्शक मुळात नटच असावा लागतो, असे माझे मत आहे.

प्रतिसाद (फोंडा): आभार. दोन्ही चित्रपट लागोपाठ पाहतो.