पेरू म्हणे वैदिक!

आडकित्ता
शुद्धमती यांचा परवाचा लेख वाचता वाचता चहा गार झाला. ज्यांचा सुटला असेल त्यांच्यासाठी सार: ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलात, ३६व्या सूक्तात 'अपां पेरुं' असे शब्द आहेत. सबब पेरू वैदिक. सबब तो पोर्तुगीजांनी आणला ही साहेबाची थाप. खाली 'डोळे उघडले ताई' छापाच्या प्रतिक्रियांचा पूर.

अहो, ती ऋचा पुढं वाचायचे कष्ट तरी घ्या. लगेच पुढं सोम आलाय. तिथला 'पेरु' पाण्याचा आहे. कुणी त्याचा संबंध फुगण्याशी लावतं, कुणी पिण्याशी. कोशांत सूर्य, समुद्र असेही अर्थ आहेत, फळ मात्र नाही. नुसत्या उच्चारावर सोयरीक जुळवायची तर पोर्तुगीजमध्ये 'पेरू' म्हणजे टर्की कोंबडा. मग सूक्तात तोही शिजवायचा का?

झाड अमेरिकेतलं. तिथल्या टायनो लोकांच्या शब्दावरून स्पॅनिशात 'ग्वायाबा', पोर्तुगीजमध्ये 'गोयाबा', इंग्रजीत 'ग्वाव्हा'. आपला 'पेरू' यातल्या कशाशीच जुळत नाही, कारण तो आलाय पोर्तुगीज 'पेरा'वरून. पेरा म्हणजे नासपती. कोकणीत पेर, मल्याळममध्ये पेरक्का, सिंहलीत पेर, बंगालीत पेयारा. फिरंग्यांची गलबतं जिथं लागली तिथं हाच शब्द. आणखी काय पुरावा पाहिजे?

शुद्धमती
टर्कीचा विनोद आपल्या संस्कारांना शोभून दिसला. मुद्द्याचं बोलते. कर्नाटकात सोमनाथपूरला तेराव्या शतकातल्या होयसळ मंदिरातल्या मूर्तींच्या हातात मक्याची कणसं आहेत, हे मी नाही, अमेरिकेतल्या एका प्राध्यापकानं १९८९ मध्ये मांडलं. भारहूतच्या इसवी सनापूर्वीच्या बौद्ध स्तूपावरच्या शिल्पात सीताफळ आहे असं खुद्द पुरातत्त्ववेत्त्या कनिंगहॅमला वाटलं होतं. मका आणि सीताफळ दोन्ही 'अमेरिकेतली'. मग पेरू कोलंबसाच्या आधी इथं नव्हताच, हे आपण कुठं जाऊन बघून आलात?

आडकित्ता
सोमनाथपूरचं कणीस हे मोत्यांनी मढवलेलं काल्पनिक मुक्ताफळ आहे, असं त्या प्राध्यापकाला तेव्हाच उत्तर मिळालंय. ते सोयीनं गाळलंत. आणि मक्याचा दाखला पेरूला कसा चालतो? शेजारच्याचं लग्न ठरलं म्हणून आपल्या दारात मांडव?

निवृत्त तलाठी
एवढं लांब कशाला जायचं? 'पेरणे' या धातूवरून पेरू. एका फळात इतक्या बिया, की फोडा आणि पेरू लागा. साधी गोष्ट आहे. आमचे वडील हेच सांगत. ते व्हर्नाक्युलर फायनल होते, आणि त्या काळची फायनल म्हणजे आजचं एम.ए.

बागवाला
तलाठीसाहेब, राहात्याला आमची पेरूची बाग आहे. बी पेरून बाग कोण लावतं? बियांच्या झाडाला फळ उशिरा आणि एकासारखं एक नाही. आम्ही कलमं आणतो. बियांवरून नाव पडायचं तर वांग्याचं काय घोडं मारलंय?

आणि नावावरून मूळ शोधणाऱ्या सगळ्यांसाठी एक गंमत. आमच्याकडं सगळ्यात जास्त लागवड 'लखनौ ४९'ची. नाव ऐकून वाटतं, लखनौचा नवाब. ती जात १९२७ साली पुण्यात, गणेशखिंडीच्या फळ संशोधन केंद्रात, डॉ. चीमा यांनी निवडली. बी तेवढं लखनौहून आलेलं. पुढं तिचं 'सरदार' झालं. आता बोला.

वऱ्हाडी ठसका
राजेहो, तुमचं चालू द्या, पण मले एक सांगा. इथं सगळे 'मराठीत पेरू, मराठीत पेरू' करून राह्यले. कोणाच्या मराठीत बे? आमच्या अमरावतीले जांब म्हणतात. माहं पोट्टं पुण्याच्या शाळेत तिसरीत होतं, तवा चित्र पाहून फळांचे नावं लिहाचे होते. त्यानं लिहिलं 'जांब'. बाईनं लाल फुली मारली अन् वरून लिहिलं 'मराठीत लिहा'. मराठीत लिहा! मी शाळेत गेलो तं म्हणतात, 'पुस्तकात पेरू आहे'. मंग आमी काय पुस्तकाबाहेरचे? अन् तुमीच म्हणता ना आडकित्ताभाऊ, का पेरू फिरंग्यायचा शब्द. म्हंजे फिरंग्याचा शब्द मराठी अन् माह्या आजीचा शब्द चूक.

मिठागर
ठसकाभाऊ, बाईंचं चुकलं हे एकदम मान्य. पण जांब म्हणजे पेरू नव्हेच! आम्हा मुंबई-कोकणवाल्यांना जाम म्हटलं की ते पांढरं, गुलाबी, घंटेच्या आकाराचं, पाणीदार फळ. एप्रिल-मेमध्ये हातगाडीवर असतं. त्याला तुम्ही काय म्हणता मग?

वऱ्हाडी ठसका
ते आमच्याइकडे होतच नाही तं नाव कायले ठेवू? पाण्याले चव नाही अन् त्याच्यासाठी आमचा शब्द पायजे तुमाले. गुजरातीत पेरूले जामफळ, तेलुगूत जाम. एवढे लोक येडे का? तुमीच एकटे निघाले शहाणे.

मिठागर
पांढऱ्या जामाला चव नाही म्हणणाऱ्या माणसानं तो मीठ लावून खाल्लेलाच नाही. आणि गुजराती-तेलुगूची साक्ष मराठीला कधीपासून लागायला लागली? जांभूळ आणि जाम एका कुळातले, नावंही एका घरातली. पेरूला तुम्ही नंतर त्यात घुसवलंत.

वऱ्हाडी ठसका
घुसवलं? पेरूबी त्याच खानदानातला आहे, झाडं शिकलेल्या कोणालेही इचारा. आमच्या लोकाईनं नवं फळ पाह्यलं अन् घरचं नाव देलं. तुमी बाहेरचं घेतलं. हुशार कोण, तुमीच ठरवा.

शुद्धमती
ठसका यांचं मी पहिल्यांदाच समर्थन करते. बघा, विदर्भानं स्वतःचा शब्द जपला.

वऱ्हाडी ठसका
ताई, तुमी आमच्या बाजूनं बोलू नका, लोक आमालेबी वैदिक समजतीन.

भूगोल घोका
तुमच्या जांबपुराणातून सवड मिळाली तर मूळ प्रश्नावर येतो. आडकित्ता यांचं 'पेरा' मला पटत नाही. पेराचं पेरू कसं झालं? बटाटा बटाटाच राहिला, तो बटाटू झाला नाही. मग पेराला शेपूट कुठून फुटलं? सरळ पेरू देशाचं नाव आहे ते. दक्षिण अमेरिकेतलं फळ, दक्षिण अमेरिकेतला देश. आणि आपण ज्या टर्कीवर हसलात तीच माझी साक्षीदार. तो पक्षी मेक्सिकोकडचा, पेरूचा नव्हेच. तरी पोर्तुगीजांनी त्याला 'पेरू' म्हटलं, कारण त्यांच्या लेखी पलीकडचं सगळं पेरू. पक्ष्याला चाललं ते फळाला का नाही?

आडकित्ता
इतक्या वेळात पहिला विचार करण्याजोगा मुद्दा आला, तोही चुकीच्या बाजूनं. पक्ष्याला पोर्तुगीजांनी पेरू म्हटलं, बरोबर. फळाला कधीच नाही. ब्राझीलमध्ये आजही गोयाबाच. म्हणजे पोर्तुगीज माणसानं जे नाव फळाला कधी दिलं नाही, ते आपल्या शेतकऱ्यानं त्याच्याकडून उचललं?

'ऊ'बद्दल. पोर्तुगीजमध्ये 'पेरो' नावाचा एक सफरचंदाचा प्रकार आहे आणि शेवटच्या 'ओ'ला ते 'उ' म्हणतात. किंवा लिंबू, काजूच्या पंगतीत बसताना पेरचा पेरू झाला असेल. दोन्हींपैकी कोणतं ते ठरवायला माझ्याकडे ताम्रपट नाही. पण कोकणीत 'पेर' आहे ना, बिनशेपटीचं?

भूगोल घोका
'किंवा'वर व्युत्पत्ती चालते होय? मग शुद्धमतींना का झोडपताय?

म्हापसेकरीण
पुरुषांनी भांडून झालं असेल तर स्वयंपाकघरात या. आमच्या गोव्यात नाताळाला 'पेराद' करतात. पिकलेले पेरू उकडायचे, चाळणीवर घासून गर काढायचा, सगळ्या बिया वर राहिल्या पाहिजेत. मग साखर घालून जाड बुडाच्या टोपात ढवळत बसायचं. गर घट्ट होत आला की फटाफट उडतो, मनगटापर्यंत फडकं गुंडाळलं नाही तर भाजलंच. टोपाची कड सोडली की लिंबू पिळायचं, लोणी लावलेल्या फळीवर पसरून लाटायचं आणि शंकरपाळ्यासारखे काप पाडायचे. नेवऱ्या, दोदोल यांच्याबरोबर शेजाऱ्यांच्या ताटात हे जातंच. सासूबाई काप हलवून बघायच्या. थरथरला तर परत टोपात.

आता नावाकडे बघा. पोर्तुगीजमध्ये गोयाबाच्या वडीला गोयाबादा म्हणतात. पेरादा म्हणजे नासपतीची वडी. आमच्या पेरादमध्ये नासपतीचा तुकडाही नसतो, निव्वळ पेरू. म्हणजे गोव्यातल्या लोकांनी पेरूलाच 'पेरा' म्हटलं होतं, त्याशिवाय हे नाव पडेलच कसं? पेरू देशाच्या नावानं वडी कुणी केली असेल तर मला पत्ता द्या.

आडकित्ता
ताई, दंडवत. हे मला का सुचलं नाही?

म्हापसेकरीण
कारण तुम्ही कधी टोप ढवळला नाही.

दारेसलामवाला
मी कामानिमित्त टांझानियात असतो. इथं स्वाहिलीत पेरूला 'पेरा' म्हणतात, झाडाला 'म्पेरा'. बाजारात पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं भाजीवाली आपल्याकडची आहे. आफ्रिकेच्या या किनाऱ्यावरही पोर्तुगीज होतेच. वेद इथपर्यंत आले होते का, ते शुद्धमती सांगतील.

शुद्धमती
उपहास हा युक्तिवाद नव्हे.

निवृत्त तलाठी
पण मग हिंदीत अमरूद का? ते तर 'अमृत'वरून असणार.

आडकित्ता
तलाठीसाहेब, बसा जरा. अमरूद फारसी. आणि फारसीत अमरूद म्हणजे काय? नासपती! तुर्कस्तानात आजही नासपतीला 'आर्मुत' म्हणतात. म्हणजे किनाऱ्यावर पोर्तुगीज बोलणाऱ्यानं फळ पाहिलं आणि घरची नासपती आठवली. उत्तरेत फारसी बोलणाऱ्यानं पाहिलं, त्यालाही नासपतीच आठवली. एकमेकांना न विचारता. देशाचं नाव मानलं तर हा योगायोग कुठं बसवणार, घोकासाहेब?

भूगोल घोका
बरं. वडी आणि अमरूद, दोन्ही मिळून मुद्दा जड आहे. 'ऊ'चं उत्तर अजून मिळालेलं नाही, हे नोंदवून ठेवतो.

वऱ्हाडी ठसका
अन् गोंदियाच्या पलीकडं छत्तीसगडात पेरूले 'बिही' म्हणतात. आमची मामी तिकडची. ते कायचं?

आडकित्ता
फारसी 'बिह', म्हणजे ते आंबट, कडक, पिवळं फळ. काश्मिरात होतं. आपल्याकडे फक्त त्याचं बी येतं, काष्ठौषधीच्या दुकानात 'बिहीदाणा' म्हणून. पाण्यात टाकलं की बुळबुळीत होतं, खोकल्यावर देतात. म्हणजे तिसरी नासपती म्हणा ना, नाहीतर तिची चुलत बहीण.

म्हापसेकरीण
त्या बिहीला पोर्तुगीजमध्ये मार्मेलू म्हणतात. तिची वडी मार्मेलादा. तुम्ही पावाला लावता ते मार्मलेड त्यातूनच आलं, संत्री त्यात नंतर घुसली. घुसवाघुसवी सगळीकडेच आहे, मिठागरसाहेब.

न्यू जर्सीकर
टर्की निघालीच आहे तर सांगतो. इंग्रजाला तो पक्षी तुर्कस्तानचा वाटला. तुर्कांनी त्याला 'हिंदी' म्हटलं. फ्रेंचांनी 'दँद', म्हणजे हिंदुस्थानचा. डचांनी 'काल्कून', म्हणजे आपल्या कालिकतचा. पोर्तुगीजांनी पेरूचा. हिंदुस्थानात तो आला तो गोव्यातून. सरदार मुकर्रबखानानं जहांगीरासाठी नेला आणि १६१२च्या सुमारास दरबारी चित्रकार मन्सूरनं त्याचं चित्र काढलं. जहांगीरानंही लिहून ठेवलं की असलं जनावर कधी पाहिलं नव्हतं. हिंदी कोशांत त्याला 'पीरू' आहे. म्हणजे एकाच बंदरातून एक 'पेरू' दरबारात गेला आणि दुसरा परसात.

मिठागर
वा. पण पांढऱ्या जामाबद्दल कुणीच काही बोलत नाही.

वऱ्हाडी ठसका
कारण बोलण्यासारखं त्याच्यात काही नाही.

मिठागर
हे वैयक्तिक होतंय.

बागवाला
माझी गाडी वाशीला जाते तेव्हा पेटीवर 'पेरू' लिहितो, नागपूरला 'जांब', सुरतेला 'जामफळ'. कुणी व्युत्पत्ती विचारली नाही. लाल गराचा आहे का, एवढंच विचारतात. नसला तर किलोमागं भाव पाडतात. पांढऱ्या गराचा सरदार चवीला सरस असून. यावर कुणीतरी धागा काढा ना.

शुद्धमती
वडीचा पुरावा मी विचारात घेतला आहे. फळाचं नाव पोर्तुगीज असू शकेल, एवढं तूर्त म्हणते. फळ इथं आधी नव्हतं, हे मात्र नावावरून सिद्ध होत नाही. बागवाल्यांनीच सांगितलं की नावावरून मूळ कळत नाही, लखनौ ४९ पुण्याची. तेव्हा उड्या मारू नका.

आडकित्ता
मग 'अपां पेरुं'वरून तरी मूळ कसं कळलं?

शुद्धमती
त्यावर स्वतंत्र लेख लिहिते आहे.

वऱ्हाडी ठसका
लिवा. फक्त त्यात कंसात 'जांब'बी टाका, नाही तं मी तिथंबी येतो.