सुटका की दुसरी कैद?

एलिझा फ्रेझर ही जहाज फुटून ऑस्ट्रेलियाच्या आदिवासींमध्ये सापडलेली आणि नंतर 'सोडवून आणलेली' बाई. तिची १८३६ ची हकीकत किती तिखटमीठ लावून सांगितली गेली, असं म्हणतात ते पटतं. पण 'काही असो, शेवटी अशी माणसं सुटून घरी आली हे चांगलंच झालं' असंही काही जण म्हणतात, त्याच्याशी मी सहमत नाही. नार्सिस पेल्तिएचं उदाहरण बघा. फ्रेंच पोरगा, वय १४, जहाजावर खलाशांच्या हाताखाली कामाला. १८५८ मध्ये त्याचं जहाज 'सेंट पॉल' न्यू गिनीजवळ फुटलं. उघड्या होडीतून ही मंडळी ऑस्ट्रेलियाच्या केप यॉर्कला लागली आणि तिथे या जखमी पोराला त्याच्याच सोबत्यांनी मागे टाकलं. त्याला खाऊपिऊ घातलं, मुलगा म्हणून घरात घेतलं ते तिथल्या आदिवासींनी!

१७ वर्षं तो त्यांच्यातलाच एक होऊन राहिला. भाषा त्यांची, छातीवरचे व्रण त्यांच्या रीतीचे, कान टोचलेला. १८७५ मध्ये 'जॉन बेल' नावाच्या जहाजावरच्या लोकांनी त्याला उचललं. तो जहाजावर थांबला तो बंदुकांच्या धाकाने, असं पुढे त्यानेच सांगितलं. केप यॉर्कच्या टोकाजवळच्या सॉमरसेट या ब्रिटिश ठाण्यावर कुंपणाच्या वरच्या दांडीवर पाखरासारखा बसून तो दिवसभर चहूकडे बघत असे. फ्रेंच जवळजवळ विसरला होता, हळूहळू आठवली. नंतर फ्रान्समध्ये सेंट नाझेरजवळच्या दीपगृहावर नोकरीला लागला (म्हणजे पुन्हा समुद्रच समोर), १८९४ मध्ये वारला. इंग्रजी वर्तमानपत्रांत मात्र ही 'रानटी लोकांच्या तावडीतून सुटका' म्हणूनच गाजली.