लाहोर खटल्याच्या फेरतपासणीतून नेमके काय मागायचे?

प्रश्न
भगतसिंग, सुखदेव आणि आपल्या खेडचे राजगुरू यांच्या फाशीचा निकाल रद्द व्हावा, यासाठी लाहोर उच्च न्यायालयात याचिका दाखल आहे. ब्रिटिश पोलीस अधिकारी साँडर्सच्या हत्येची अनारकली पोलीस ठाण्यातील फिर्याद २०१४ मध्ये हाती आली, तेव्हा तीत दोन अज्ञात बंदूकधाऱ्यांचाच उल्लेख आढळला. एवढ्यावरून तिघे निर्दोष ठरतात का? जाणकारांनी कृपया सांगावे.

प्रतिसाद १
ठरत नाहीत. १७ डिसेंबर १९२८ रोजी गोळ्या झाडून निसटलेल्यांना कोणी ओळखत नसेल, तर फिर्यादीत नावे कुठून येणार? ती पुढे माफीच्या साक्षीदारांकडून मिळाली. खरे दुखणे १ मे १९३० च्या वटहुकमात आहे. दंडाधिकाऱ्यांसमोरचे काम उपोषणांमुळे रेंगाळले, हे कारण देऊन व्हाइसरॉय आयर्विन यांनी तीन न्यायाधीशांचे खास न्यायाधिकरण नेमले, आरोपींच्या गैरहजेरीतही खटला चालवण्याची मुभा त्याला दिली आणि उच्च न्यायालयात अपील करण्याची वाटच बंद केली. खुनाच्या इतर कोणत्याही आरोपीला जो हक्क होता, तो सरकारला नकोशा झालेल्या या तरुणांना मिळू दिला नाही.

प्रतिसाद २
वरील मताशी सहमत आहे, पण १२ मे १९३० चा दिवसही लक्षात घ्यावा. आरोपींच्या घोषणा व गाणी थांबेनात, तेव्हा अध्यक्ष कोल्डस्ट्रीम यांनी त्यांना तुरुंगात परत नेण्याचा हुकूम दिला आणि पोलिसांनी त्यांना भर न्यायालयात बेदम मारले. त्या हुकमात आपण सहभागी नव्हतो व त्यातून जे घडले त्याच्याशी आपला संबंध नाही, असे न्यायमूर्ती आगा हैदर यांनी त्याच दिवशी लेखी नोंदवले. २१ जूनला न्यायाधिकरणाची फेररचना झाली, तीत ते नव्हते. कोल्डस्ट्रीमही तीत नव्हते हे खरे. पण न्यायासनावरून स्वच्छ शब्दांत वेगळे मत नोंदवणारा माणूस दूर झाला, ही गोष्ट मला आजही अस्वस्थ करते.

प्रश्नकर्ता
दोघांचे आभार. मग 'निर्दोष' हा शब्दच चुकीचा म्हणायचा का?

प्रतिसाद १
मला तरी तो खटकतो. फाशीच्या तीन दिवस आधी, २० मार्च १९३१ रोजी, तिघांनी पंजाबच्या गव्हर्नरांना पत्र लिहून आम्ही युद्धकैदी आहोत, आम्हाला फाशी न देता गोळ्या घाला, अशी मागणी केली होती. ज्यांनी दयेची याचना केली नाही, त्यांच्या कृत्यावर आपण पांघरूण घालू नये. न्यायालयाला एवढेच विचारावे की ७ ऑक्टोबर १९३० चा निकाल कायदेशीर खटल्यातून आला होता का; आणि त्यासाठी पहिला कागद फिर्यादीचा नव्हे, आगा हैदर यांच्या नोंदीचा पुढे ठेवावा.