खाण्याच्या स्पर्धेतून पडद्यावर: काय बदलावं लागतं?

बकासुर: १० मिनिटांच्या हॉटडॉग स्पर्धांत उतरणाऱ्या एका खेळाडूला स्वतःची व्हिडिओ मालिका करायची आहे. पाव पाण्यात बुडवून गिळायची सवय कॅमेऱ्यापुढे चालेल का? शूटिंग आणि करारात काय सांभाळावं?

कात्री: बुडवणं सोडा. पाण्यानं पावातली हवा जाते, चावणं वाचतं, म्हणून स्पर्धेत ते सोयीचं. क्लोजअपमध्ये मात्र नुसता लगदा दिसतो आणि हनुवटीवरून ओघळ. २०२४ च्या नेटफ्लिक्सवरच्या थेट लढतीत बुडवायला मनाईच होती, तरी अमेरिकेचा स्पर्धक जोई चेस्टनटनं ८३ आणि जपानच्या ताकेरू कोबायाशीनं ६६ हॉटडॉग खाल्ले.

खरी अडचण वेगाची. स्पर्धेत सुरुवातीलाच सपाटा लावतात, मग जबडा थकतो आणि शेवटी उरतो घामाघूम चेहरा. प्रेक्षक नेमका तिथंच निघून जातो. नुसत्या आकड्याचं अप्रूपही टिकत नाही. २००१ मध्ये कोबायाशीनं ५० खाऊन आधीचा विक्रम दुप्पट केला, आणि २००३ मध्ये अमेरिकी टीव्हीनं त्याला चक्क अस्वलासमोर बसवलं! (अस्वल ५०, तो ३१.) याउलट जपानची ग्याल सोने स्पर्धांतून आली आणि टीव्हीवर वर्षानुवर्षं टिकली. घास नीटनेटका, आणि चवीबद्दल बोलता येतं. सराव त्याचा करा.

ट्रायपॉड: एक कट दिसला की कमेंटमध्ये ‘थुंकलं असणार’ सुरू. म्हणून दुसरा कॅमेरा वाइडवर, म्हणजे सगळं टेबल दिसेल असा, न थांबवता. चौकटीत ताट, घड्याळ आणि दोन्ही हात. बॅटरीवर विसंबू नका, थेट वीज द्या. रिकामं ताट वजनकाट्यावर ठेवून शून्य करा, मग पदार्थ वाढून आकडा दाखवा. शेवटी उरलेलंही त्याच ताटात तोला.

खाण्याचा रीटेक नसतो. प्रास्ताविक आणि थंबनेलचे फोटो आधीच उरका, कारण भरल्या पोटानं श्वास अपुरा पडतो, आवाज बसतो. पदार्थाचे देखणे शॉट दुसऱ्या, ताज्या ताटावर घ्या. चीज थिजलं की गेलं. कॉलर माइकला रुमाल घासतो, त्यापेक्षा वरून बूम (दांड्यावरचा माइक) बरा.

बकासुर: आणि सेटवर माणसं किती?

ट्रायपॉड: तीन पुरतात, पण घास अडकल्यावरचा प्रथमोपचार शिकलेला एक जण फक्त खाणाऱ्याकडे बघणारा हवा. कॅमेरामनवर ते काम ढकलू नका, त्याचं लक्ष फोकसवर असतं. घसा पूर्ण बंद झाला की आवाजच निघत नाही, त्यामुळे ‘टेबलावर दोन थापा म्हणजे थांबा’ अशी खूण आधी ठरवा. जपानमध्ये २००२ साली टीव्हीवरच्या खाण्याच्या स्पर्धांची नक्कल करताना एक शाळकरी मुलगा दगावला आणि असे कार्यक्रम काही वर्षं बंद पडले. पोट ताणायला पाणी ढोसणं तर नकोच. रक्तातलं सोडियम घसरतं.

कात्री: करारात ‘एक्सक्लुझिव्ह’ (दुसऱ्या ब्रँडसोबत काम नाही) कलमात कुठला खाद्यप्रकार आणि किती मुदत, हे दोन्ही लिहून घ्या. वनस्पतिजन्य मांसाच्या ब्रँडशी केलेल्या करारामुळे चेस्टनटला २०२४ मध्ये नेथन्स या अमेरिकी हॉटडॉग ब्रँडच्या ४ जुलैच्या स्पर्धेला मुकावं लागलं.