सोलेदाद मिरांडाचे सिनेमे: कुठल्या नावाने शोधायचे, कुठली प्रत बघायची?

रीळवेडा: स्पॅनिश दिग्दर्शक जेस फ्रँकोच्या सिनेमांतली अभिनेत्री सोलेदाद मिरांडा. तिच्या सगळ्या कामांची यादी लावतोय, पण श्रेयनामावलीत नाव सापडत नाही. 'व्हॅम्पिरोस लेस्बोस'च्या दोन प्रतींची लांबीही जुळत नाही. नेमकं कसं शोधायचं?

जुनी टॉकीज: 'सुझान कोर्डा' शोधा. तेव्हा स्पेनमध्ये हुकूमशाही, सेन्सॉर कडक. नग्न दृश्यांच्या सिनेमांत ती हे नाव लावायची. १९७० च्या 'काउंट ड्रॅक्युला'त मात्र सोलेदाद मिरांडाच, ल्यूसीच्या भूमिकेत. यादी प्रदर्शनाच्या वर्षाने लावू नका. १८ ऑगस्ट १९७० ला पोर्तुगालमध्ये मोटार अपघातात ती गेली, वय २७. 'व्हॅम्पिरोस लेस्बोस' आणि 'शी किल्ड इन एक्स्टसी' आले १९७१ मध्ये. त्यामुळे चित्रीकरणाचं वर्ष वेगळ्या रकान्यात हवंच.

पट्टीकात्री: लांबीच्या फरकाला दोन कारणं असतात. 'व्हॅम्पिरोस लेस्बोस'ची स्पॅनिश आवृत्ती 'लास व्हाम्पिरास' सेन्सॉरसाठी सौम्य केलेली आहे. दुसरं, युरोपातल्या जुन्या व्हिडिओ प्रती सेकंदाला २४ ऐवजी २५ फ्रेमच्या वेगाने चालतात. ९० मिनिटांचा सिनेमा साधारण ८६ मिनिटांत संपतो आणि संगीताचा सूर किंचित चढतो. दोन्ही प्रती शेजारी लावा आणि दर दहा मिनिटांनी एकच शॉट कुठे येतो ते टिपा. फरक सारखा वाढत गेला तर वेगाचा, एकदम उडी मारली तर तिथे कात्री लागलीय किंवा दृश्य बदललंय. नुसती एकूण लांबी बघून प्रत 'अनकट', म्हणजे न कापलेली, म्हणणं धोक्याचं.

रीळवेडा: आणि अभिनय बघायचा तर सुरुवात कुठून?

जुनी टॉकीज: दिग्दर्शक पेरे पोर्ताबेयाच्या 'कुआदेकुक, व्हाम्पिर'पासून. 'काउंट ड्रॅक्युला'च्या सेटवरच टिपलेला कृष्णधवल सिनेमा. शेवटी ड्रॅक्युला झालेला ख्रिस्तोफर ली वाचतो तेवढेच संवाद. डबिंगचा अडथळा नाही, तिचा चेहरा काय करू शकतो ते थेट दिसतं.

पट्टीकात्री: माझं मत वेगळं, 'शी किल्ड इन एक्स्टसी' आधी. डॉक्टर नवऱ्याला उद्ध्वस्त करणाऱ्या चौघांचा सूड घेणारी बायको. पूर्ण सिनेमा तिच्या खांद्यावर आहे. इतर ठिकाणी कॅमेरा तिच्याकडे नुसता बघत राहतो, इथे तिला खरंच करायला काम आहे. जर्मन आवाज तिचा नाही, म्हणून उपशीर्षकं लावून डोळ्यांकडे लक्ष ठेवा. नंतर १९६९ चा '१०० रायफल्स' बघा. भूमिका अगदी लहान आहे, पण हॉलिवूडच्या या सिनेमाशिवाय यादी पुरी होत नाही.